कोरडी वही

येलदरी,
मंगळवार, १८ नोव्हेंबर २०२५

चि. नागेश यास ताईचे आशीर्वाद.

आज अंगणवाडीत सतरा मुलं आली. सगळ्यांची वजनं घेतली. दोघांची कमी भरली, त्यांच्या आयांना बोलावून सांगितलं. दुपारी खिचडी वाटली, रजिस्टर पूर्ण केलं आणि घरी आले. थंडी पडायला लागली आहे. माझी तब्येत ठीक आहे.

रविवारी राजेश्री येऊन गेली. तुझी बायको म्हणून नाही, पण मुलगी मनाची चांगली आहे. तिने तुझ्या नाटकाचं पत्रक दिलं आणि तुझा निरोप सांगितला. सात डिसेंबरला परभणीला प्रयोग आहे, मी पुढच्या रांगेत बसावं, शेवटी स्टेजवर साडी-नारळ देऊन माझा सत्कार होईल. शिवाय तुझ्या दाजींचं जाळं स्टेजवर टांगायला द्यावं. मी चहा केला. जाळं दिलं नाही. तिला वाटलं मला दुःख आवरत नाही, म्हणून पाठीवरून हात फिरवत बसली. दुःख नव्हतं, राग आला होता. फोनवर तू बोलतोस आणि मी ऐकते, म्हणून लिहिते आहे.

पत्रकात छापलंय की आयर्लंडच्या नाटकांत माणूस निसर्गापुढे आणि दैवापुढे जसा उभा राहतो, तसा तू आपल्या भागातला माणूस उभा केला आहेस. खाली लिहिलंय, ‘पाण्याने नेलेल्या कै. रंगनाथ दाजींना’. मी बारावी शिकलेली बाई. आयर्लंड नकाशात शोधावा लागेल. पण तुझ्या दाजींना पाण्याने नेलं नाही, एवढं मला कळतं.

मे महिन्यात तू तीन दिवस राहायला आलास. पहिल्याच दिवशी जेवताना तू तिकडच्या कोळ्यांचं सांगत होतास. समुद्र त्यांना जगवतो आणि समुद्रच मारतो, म्हणून त्यांच्या नाटकात कुणाचा दोष नसतो, असं काहीतरी. दाजींनी मन लावून ऐकलं आणि विचारलं, ते लोक जाळं कोणतं वापरतात? तुला सांगता आलं नाही. ते हसले. म्हणाले, “सर, मग तुमी नुसतं रडणंच शिकून आलाव का?” तूही हसलास. नाटकात हे नाही. मी राजेश्रीकडून सगळं नाटक वाचून घेतलं.

दुसऱ्या दिवशी तुला धरणाच्या पाण्यातल्या टेकाडावर बसून लिहायचं होतं. थर्माकोलच्या तराफ्यावरून ते तुला घेऊन गेले. चार वाजता परत आलात आणि काठावर उतरल्यावर तुला वही आठवली. पिशवीसकट तिथेच राहिली होती. दाजी म्हणाले, “वारं फिरायलंय. उद्या पहाटं आणून देतो. वही काय पळून जायलीय का?” तू हट्ट केला नाहीस, ते मी मान्य करते. रात्री पाऊस आला तर दोन महिन्यांचं काम भिजेल, एवढंच म्हणालास आणि तोंड पाडून बसलास. बायकोच्या भावाचं तोंड उतरलेलं त्यांना कधी बघवलं नाही. ते परत तराफ्यावर चढले.

नंतरचं तुला माहीत आहे, तरी लिहिते, कारण नाटकात ते नाही. दुसऱ्या दिवशी तराफा काठाला लागला. तिसऱ्या दिवशी ते सापडले. तराफ्यावर तुझी पिशवी सुतळीने आवळून बांधलेली होती. खताच्या गोणीतलं प्लास्टिक काढून त्यांनी ते पिशवीला दोन वेढे गुंडाळलं होतं. खाली हवेची ट्यूब घातली होती, लाटेने भिजू नये म्हणून. ती ट्यूब ते स्वतःच्या कमरेला बांधायचे. वही कोरडी होती. तिच्यातूनच तू नाटक केलंस.

यात दैव कुठे आलं, मला सांग.

तुझ्या नाटकातली बाई काठावरून नवऱ्याला तीन हाका मारते आणि पाणी ऐकत नाही. राजेश्री म्हणाली, “ताई, तालमीत त्या हाकेला सगळे रडायलेत.” मी एकही हाक मारली नव्हती. हे जगात दोनच माणसांना माहीत आहे.

ते तीस-चाळीस हात गेले असतील. पलीकडच्या काठावर वादळाच्या धुळीचा लोट उठला तो आपण दोघांनी बघितला. तू हाक मारायला तोंड उघडलंस. मी तुझा दंड धरला आणि म्हणाले, “मागून हाक मारू नको.” सासूबाईंनी लग्नाच्या पहिल्या वर्षी सांगितलं होतं, माणूस पाण्यावर निघाला की मागून हाक मारायची नाही, अपशकुन होतो. बावीस वर्षं मी ते पाळलं. मी रोज बायकांना सांगते, पोराला ताप आला तर दृष्ट काढत बसू नका, दवाखान्यात घेऊन जा. आणि तू कॉलेजात शिकवणारा माणूस, माझा हात झटकून ओरडू शकला असतास. नाही ओरडलास. दोघं शिकलेले हाकेच्या अंतरावरच्या माणसाकडे नुसते बघत उभे राहिलो.

तू हे कुणाला सांगितलं नाहीस. बहिणीवर उपकार केले असं तुला वाटत असेल. उलट माझ्या तोंडी तीन हाका घातल्यास, म्हणजे लोकांनी म्हणावं बाईने जिवाचं रान केलं, दैवानेच ऐकलं नाही. त्यात तुझी वही दिसत नाही आणि माझा हातही दिसत नाही. तुझ्यासोबत मलाही सोडवून टाकलंस. मी तुला सोडव म्हटलं नव्हतं. सहा महिने मी हा हात घेऊन जगते आहे. ताटात भात वाढताना तोच, पोरांना वजनकाट्यावर उचलून ठेवताना तोच. ते माझं आहे, ते तू स्टेजवर पुसायचं नाही.

प्रयोग बंद कर असं मी म्हणत नाही. पण त्या हाका काढ. भाऊ हाक मारायला जातो आणि बहीण त्याला धरते, असं दाखव. ते परत पाण्यावर का गेले तेही दाखव. तसं करणार असशील तर जाळं मी स्वतः घेऊन येईन आणि तू म्हणशील तिथे बसेन. साडी-नारळ नको. जमत नसेल तर पत्रकावरून त्यांचं नाव काढून टाक, आणि तुझ्या नाटकातला माणूस आयर्लंडचाच राहू दे.

उत्तर पत्रानेच दे. राजेश्रीला पाठवू नकोस.

नळ आला आहे. आज तिसऱ्या दिवशी आला, अर्धा तास राहील. हंडे लावायला उठते.

रुख्मिणी