मतपत्रिकेवरचं पहिलं नाव

मंगळवार, ३ जुलै १९७९

उमेदवार झाले! मी! शाळेत हजेरीला नुसतं "हजर" म्हणतानाही जिला घाम फुटायचा, ती मी कौन्सिलच्या निवडणुकीला उभी!

उभी कसली — टेकू. शेजारचा कीथ मल्व्हेनी सकाळी मागच्या दाराने आला, दोन स्कोन खाल्ले, चहा प्याला आणि म्हणाला, "ऊना, माझं एक काम कर. निवडणुकीला उभी राहा आणि पड."

"पडायचंच असेल तर उभी कशाला राहू? बसलेलीच बरी आहे."

मग त्याने टेबलावर तीन बिस्किटं मांडली आणि मला धडा दिला. मतपत्रिकेवर सगळ्या नावांपुढे आकडे लिहायचे — एक, दोन, तीन. निम्म्याहून जास्त 'एक' कुणालाच नाही मिळाले तर तळचा बाद. त्याच्या मतपत्रिकांवर 'दोन' ज्याच्यापुढे, त्या त्याला. तळची मी. माझ्या लोकांनी 'दोन' लिहायचा कीथपुढे. एवढं सांगून त्याने मला, म्हणजे माझं बिस्किट, खाऊन टाकलं.

"पण मीच का? बेरिलला उभी कर."

"बायको कशी चालेल? दोन्हीकडे मल्व्हेनी! तुझं आडनाव हवंय. नावं अक्षरांच्या क्रमाने लागतात. ॲडिकॉट सगळ्यात वर, मग मल्व्हेनी, मग तो लेक्स व्हॉइट. कंटाळलेले लोक काय करतात? वरून खाली एक-दोन-तीन खरडतात आणि फुटबॉलला पळतात. गाढवमतं! ती सगळी आधी तुझी, तुझ्याकडून माझी."

रूप नाही, आवाज नाही, अकलेचं तर नावच नको. बोलावणं आलं ते आडनावाला! पर्सीने लग्नात दिलेली एवढी एकच गोष्ट तो गेल्यावरही कामाला येतेय. हो म्हटलं. नाही म्हणायला जीभच वळत नाही माझी. आणि पर्सी गेल्यापासून माझी लाकडं कीथच तर फोडून देतो.

शुक्रवार, ६ जुलै

अर्ज भरला. कौन्सिलचे सेक्रेटरी मिस्टर टकवेल यांनी चष्म्यावरून पाहिलं. "मिसेस ॲडिकॉट, तुमचा कार्यक्रम काय?" मला वाटलं आजचा विचारतायत. म्हटलं, "आता दुकान उघडणार, मग खाटकाकडे जाणार."

बुधवार, ११ जुलै

पत्रकं छापून आली. '१ ॲडिकॉट, २ मल्व्हेनी, ३ व्हॉइट.' वर माझा फोटो — चर्चच्या सहलीतला, कापून घेतलेला. खांद्यावर कुणाचा तरी अर्धा हात राहिलाय. कीथच्या पत्रकावर '१ मल्व्हेनी, २ ॲडिकॉट.' मी म्हटलं, "मला कशाला दोन देतोस? वाया जाईल." तर म्हणतो, "शिष्टाचार असतो ऊना. नाहीतरी ते मोजायची वेळ कुठे येतेय!"

अठरा वर्षं कौन्सिलवर आहे तो. माणूस निर्धास्त असतो.

दुकानात लोकर घ्यायला येणाऱ्या बायकांना पत्रक देते. थोरा पेनॅलिगनने त्यावर टाके मोजत खुणा केल्या.

गुरुवार, १९ जुलै

सभा झाली. हे देवा!

मला दोन वाक्यं पाठ करायला दिली होती. 'कीथ अनुभवी आहेत. दोन त्यांना द्या.' आंघोळ करताना म्हटली, कोंबड्यांना म्हणून दाखवली. हॉल भरलेला. जुलैचा ऐन हिवाळा, थंडी इतकी की सगळे कोट घालून बसले होते, आणि मी एकटी घामाने चिंब.

लेक्स बोलला. पुलापाशी त्याचा पेट्रोल पंप, त्यामुळे ट्रक हा त्याच्या जिव्हाळ्याचा विषय. मग कीथ बोलला. आता माझी पाळी, तेवढ्यात थोरा उठली. "पुलापासूनच्या एल्म झाडांचं काय? रस्ता रुंद करायला तोडणार म्हणे. तिघांनीही सांगा."

लेक्स म्हणाला, "ट्रक मोठे झाले, झाडं म्हातारी झाली. तोडायचीच."

कीथ बुटांकडे बघत म्हणाला, "कौन्सिलच्या अध्यक्षांना मी शब्द दिलाय. मत रस्त्याच्या बाजूने देणार."

मला ठाऊकच नव्हतं! रोज ज्याला चहा पाजते त्याने हे मला सांगू नये!

पहिल्या महायुद्धावर गेलेल्या प्रत्येक पोरामागे एक झाड लावलंय तिथे. पुलापासून अकरावं माझ्या बाबांचं. बाबा फ्रान्समध्येच राहिले. मी जन्मले तेव्हा ते नव्हतेच. काही झालं की आई मला त्या झाडापाशी न्यायची — "जा, बाबांना सांग." पहिला दात पडला तो तिथे सांगितला, नापास झाले ते तिथेच, आणि पर्सी गेला त्या दिवशीही तिथेच जाऊन उभी राहिले. लोकांना बाप असतो, मला ते झाड आहे.

टकवेल म्हणाले, "मिसेस ॲडिकॉट?" पाठ केलेली दोन्ही वाक्यं पळाली. तोंडातून आलं ते हे — "माझ्या बाबांचं थडगं कुठे आहे ते मी पाहिलेलं नाही. हे झाडच पाहिलंय. कुऱ्हाड घेऊन कुणी आलं तर मी खुर्ची टाकून त्याखाली बसेन. विणकाम घेऊन येईन, मला काही घाई नाही."

मग टाळ्या. बराच वेळ टाळ्या! मी इतकी गोंधळले की खाली बसताना थोराच्या मांडीवर बसले. आणि मग आठवलं म्हणून ओरडले, "दोन कीथला!"

हॉल नुसता हसत सुटला.

शुक्रवार, २० जुलै

बेरिल कुंपणापाशी. "टेकू मागितला होता ऊना, तू तर स्वतःचंच घर बांधायला निघालीस. नाकापेक्षा मोती जड!"

म्हटलं, "अगं, मला पडायचंच आहे. बाबांच्यान!" मेलेल्या बापाची शपथ, तीही पडण्यासाठी. धन्य माझी!

कीथ लाकडं फोडत होता. वर न बघता म्हणाला, "छान बोललीस." आणि पुढचं लाकूड उचललं.

रविवार, २९ जुलै

आज चर्चमध्ये चार जणांनी माझ्याकडे बघून डोळा मारला. त्यांतले एक तर पाद्री होते.

रविवार, ५ ऑगस्ट

काल लिहिणं झालं नाही. मतदान होतं.

दिवसभर शाळेच्या फाटकात उभी होते. हातात पत्रकं, पायात पर्सीचे लोकरी मोजे. पोरांच्या आयांनी केक आणि वाटाण्याचं सूप विकायला मांडलं होतं. लोक फुटबॉलचे मफलर गुंडाळून येत, लॅमिंग्टन केक खात आणि म्हणत, "ऊना, एक तुला!" मी प्रत्येकाला म्हणत होते, "दोन कीथला हं, विसरू नका!" लेक्स पलीकडून म्हणाला, "बाई, तुम्ही स्वतःचा प्रचार करताय की त्याचा?" मग मी सूप घेतलं.

माझं स्वतःचं मत — हे इथेच लिहिते, दुसरीकडे कुठे सांगण्यासारखं नाही. आडोशात गेले. दोरीला बांधलेली शिसपेन उचलली. वर माझंच नाव. आयुष्यात पहिल्यांदा आणि शेवटचं! बाबांचं झाड डोळ्यांपुढे आलं. आणि मी 'एक' लिहिला कीथपुढे. का? कबूल केलं होतं म्हणून. आपलं झाड तोडायला निघालेल्या माणसाला मत देणारी बाई साऱ्या जिल्ह्यात दुसरी सापडणार नाही.

संध्याकाळी हॉलमध्ये मोजणी. लेक्स सगळ्यांच्या पुढे, पण निम्म्याच्या आत. दुसरी मी. तिसरा कीथ. एका मताने!

टकवेल यांनी पुन्हा मोजलं. पुन्हा एका मताने. बेरिल म्हणाली, "परत मोजा!" परत मोजलं. परत तेच. एवढ्यांदा मी माझ्या विणकामातले टाकेही मोजत नाही.

कीथ बाद. मग त्याचा गठ्ठा उघडला आणि एकेक मतपत्रिका — दोन ॲडिकॉट, दोन ॲडिकॉट, दोन ॲडिकॉट. त्याच्या लोकांनी त्याचं अगदी तंतोतंत ऐकलं होतं. तो शिष्टाचार माझ्या बाजूला ढिगाने साठत गेला, लेक्सच्या वर गेला, आणि टकवेल म्हणाले, "मिसेस ॲडिकॉट निवडून आल्या आहेत."

पडायचं एवढं एकच काम होतं. तेही जमलं नाही!

कीथ आला, हात हातात घेतला. "अभिनंदन, कौन्सिलर." बेरिल सरळ गाडीत जाऊन बसली होती.

सोमवार, ६ ऑगस्ट

लेक्स पंपावरून सगळ्यांना ऐकू जाईल असा ओरडला, "आजवर गाढवं निवडून यायची, यंदा गाढवांनीच निवडलं!" मला हसू आलं. बरं बोलला मेला.

टकवेल सांगतात, पुढच्या बैठकीत पहिलाच विषय झाडांचा. पाच इकडे, पाच तिकडे, अकरावी मी. म्हणजे कीथच्या खुर्चीत बसून मी हात वर केला नाही तर झाडं वाचली.

पण ती खुर्ची कीथची! अठरा वर्षं त्याने गावचे खड्डे, गटारं, मेलेल्या गाई निस्तरल्या. आणि मी आयत्या बिळावर नागोबा. बेरिल बोलत नाही. तिच्या स्वयंपाकघराचा पडदा आज दिवसभर ओढलेला होता. तिला काय सांगू? माझं मत तुझ्याच नवऱ्याला होतं, हे? पटणार नाही, आणि पटलं तर वेड्यात काढेल.

राजीनामा द्यायचा. पुन्हा निवडणूक होईल, कीथ येईल. झाड जाईल. दुपारी बाबांना सांगायला गेले. नुसती खोडाला टेकून खूप रडले आणि परत आले.

ठरलं. उद्या टकवेलकडे. थोराला तसं सांगूनही टाकलं.

मंगळवार, ७ ऑगस्ट

कोट घालून निघतच होते, तर कीथ दारात. "राजीनामा देतेयस म्हणे? दिलास तर बघ!"

म्हटलं, "अरे, एका मतासाठी तुझी अठरा वर्षं—"

"ते मत माझंच होतं, ऊना. 'एक' मी तुझ्यापुढे लिहिला." मग दाराची कडी चाचपत म्हणाला, "तू सभेत बोललीस ते मी बोलायला हवं होतं. पण शब्द देऊन बसलो होतो. हरलेल्या माणसाकडे दिलेला शब्द मागायला कुणी येत नाही."

त्याने डोळे पुसले आणि म्हणाला, "बेरिलला सांगू नकोस. मला जिवंत ठेवणार नाही." फाटकापर्यंत गेला, मागे वळला. "आणि तू कुणाला दिलंस गं?"

"मतदान गुप्त असतं, कीथ."