नवरदेवाचे मामा कुठं आहेत?

गुलमंडी, छत्रपती संभाजीनगर
सोमवार, दुकान उघडायच्या आधी

परममित्र केशवराव यांस,

साहेबराव फेटेवाल्याचा गुलमंडीवरून दोन्ही हात जोडून रामराम. इकडं सगळे हिंडतेफिरते आहेत, मी सोडून. तुमचा गुडघा आता जिना चढू देतो का? कालिंदीवहिनींची शुगर आटोक्यात आली, की अजून पेढ्यांचा डबा फ्रीजच्या मागं असतो? तुमच्या लेकीला, चि. स्वरालीला, अनेक आशीर्वाद. (स्वरालीला जरा जास्तच आशीर्वाद, त्याचं कारण पुढं येईल.) फोन सोडून हे पत्र कशाला, असं तुम्ही म्हणाल. तर मला फोनवर बोलताच येत नाहीये. तोंड उघडलं की 'अहो, अहो' एवढंच निघतं आणि पुढचा माणूस आवाज येत नाही म्हणून ठेवून देतो. म्हणून लिहितोय. अक्षर तेवढं सांभाळून घ्या.

तर बसून वाचा. आमच्या सत्यमचं लग्न मोडायला आलंय, आणि ते मी मोडलं असं अख्खं देवगाव रंगारी म्हणतंय. मी, त्याचा मामा! ज्या माणसानं उभ्या जन्मात कुणाची फुगडीसुद्धा मोडली नाही, त्याच्याकडं आता लोक संशयानं बघतात. परवा एक गिऱ्हाईक मुलाच्या लग्नासाठी फेटे बघायला आलं, सगळे उलगडून घेतले, मग मला निरखून पाहिलं आणि 'येतो' म्हणून जे गेलं ते समोरच्या दुकानात शिरलं.

सत्यमला तुम्ही चड्डीत पाहिलाय. गोदाचा मुलगा, मूळ देवगावचा, पण पाचवीपासून शिकायला माझ्याकडं, म्हणून वाढला तो गुलमंडीवरच. तुम्ही शेजारी राहायचात तेव्हा तुमच्या गच्चीवर मोठमोठ्यानं रडायचा आणि वहिनी घाबरून वर धावल्या की 'प्रॅक्टिस करतोय काकू' म्हणायचा, तोच. शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्याला एका मावळ्याचं काम दिलं होतं, पहिल्याच प्रवेशात मरायचं आणि पडदा पडेपर्यंत पडून राहायचं. हा मेला झकास, पण पुढच्या रांगेत गोदानं हंबरडा फोडला, तेव्हा मेलेला मावळा उठून बसला आणि 'आई, मी आहे गं' म्हणाला. मास्तरांनी दोन दिवस तोंड फुगवलं होतं. मला मात्र त्या दिवशी कळलं की हे पोरगं नट होणार. (किंवा मास्तरांचा मार खाऊन वाया जाणार. दोन्ही शक्यता मी मनात धरल्या होत्या.)

रामकिसनदाजींना, म्हणजे त्याच्या बापाला, हे मुळीच पसंत नव्हतं. अद्रक आणि मका सोडून तिसरं काही जगात असतं हे ते कबूलच करत नाहीत. सत्यमनं विद्यापीठात नाटकाला नाव घातलं तेव्हा त्यांनी माझ्याशी बोलणं टाकलं, सगळा दोष मामाचा म्हणून. पोरगं मुंबईला गेलं. पहिलं काम मिळालं ते प्रेताचं, एका गुन्ह्याच्या मालिकेत. आम्ही सगळे टीव्हीसमोर जमलो तर चादरीखालून फक्त अंगठा दिसला, पण गोदा म्हणाली अंगठा त्याचाच आहे. मग एक ट्रॅक्टरची जाहिरात आली. दाजींनी ती एकदा पाहिली, 'नांगर वर उचलून नांगरतोय गाढव' म्हणाले आणि पुन्हा शेतावर गेले. मग हवालदार झाला, त्याला 'साहेब, गाडी आली' एवढं वाक्य होतं, ते तो इतकं मनापासून म्हणायचा की गाडी नसतानाही म्हणायला सांगायला लागले. आणि मग एकदम नायक! मालिकेचं नाव लांबलचक आहे, तुम्हाला ठाऊकच आहे, कारण तिचे संवाद आपली स्वरालीच लिहिते. त्यात हा इंद्रजीत नावाचा देशमुखाचा मुलगा. आता रिक्षावाले मला हात करून म्हणतात, 'क्या मामू, भांजा तो हीरो हो गया.' देवगावात बॅनर लागला. त्यावर सत्यम कोपऱ्यात आहे आणि शुभेच्छुक मधोमध आहेत, पण लागला.

नायक झाल्यावर सोयरीक आली. कन्नडच्या बद्रीनाथांची मोनिका. सिडकोत लॅबमध्ये रक्त तपासते. पोरगी अशी गोड आहे की तिच्या हातून सुई टोचली तरी माणूस थँक्यू म्हणतो. तिची आई तिच्या लहानपणीच गेली, आजीनं वाढवलं. आजीचं नाव दगडाबाई. त्या घरात बद्रीनाथ फक्त मान हलवतात, निकाल दगडाबाई देतात. पाहण्याच्या कार्यक्रमात त्यांनी विचारलं, पोरगा काय करतो? आम्ही म्हटलं, मालिकेत असतो. त्या म्हणाल्या, 'ते दिसतं रोज. करतो काय?' तरी सुपारी फुटली, कारण मोनिका आणि सत्यम एकमेकांकडं बघून अशी हसत होती की नाही म्हणायची कुणाची छाती झाली नसती.

आता तो काळा दिवस. मालिकेत इंद्रजीतचं लग्न होतं आणि शूटिंग आमच्या नशिबानं फर्दापूरजवळच्या लॉन्सवर. सत्यमचा फोन आला, मामा, इथले फेटे टोपीसारखे शिवलेले आहेत, तुम्ही येऊन बांधा. मी कापड घेऊन गेलो. दिग्दर्शकाला सगळं खरं पाहिजे होतं. बँडवाले खरे, अक्षता खऱ्या, ऊन तर विचारू नका. गुरुजीसुद्धा पंचक्रोशीतले खरे, रोज दोन लग्नं लावणारे. मी फेटा बांधला, मागं पाठीवर शेमला सोडला, आणि पंख्याजवळ खुर्ची ओढून बसलो. माझं काम संपलं होतं केशवराव, मी देवाशपथ सांगतो. पण आंतरपाट धरला गेला आणि गुरुजींनी सवयीनं माईक हातात घेऊन पुकारा केला, 'नवरदेवाचे मामा कुठं आहेत? मामांनी लवकर पाठीशी यावं.'

तुम्हीच सांगा, मी काय करायचं? हा पुकारा मी सत्यमच्या बारशापासून ऐकायला बसलोय. मामाच्या भूमिकेसाठी आणलेला माणूस चहा प्यायला गेला होता हे मला काय ठाऊक? माझे पाय आपोआप उठले. कुणी अडवलं नाही, दिग्दर्शकाला वाटलं मीच तो भाड्याचा मामा. मी जाऊन पोराच्या खांद्यावर हात ठेवला. पोरगं मान न वळवता कुजबुजलं, 'मामा, तुम्ही इथं काय करताय?' मी म्हटलं, गप उभा राहा, लग्न आहे. मंगलाष्टकं सुरू झाली, अक्षता पडल्या, आणि मला जे रडू कोसळलं ते आवरेना. दिग्दर्शक इतका खूश झाला की त्यानं कॅमेरा नवरानवरी सोडून माझ्या तोंडावरच आणून ठेवला.

तो भाग लागला तेव्हा दगडाबाई कन्नडला टीव्हीसमोर होत्या. त्यांना अडाणी समजू नका. मालिका खोटी असते हे त्यांना पक्कं ठाऊक आहे, त्यातली मेलेली माणसं परत आली तर त्या उठून भाकरी टाकायला जातात. सत्यमचं लग्न लागताना त्या शेंगा फोडत शांत बसल्या होत्या म्हणे. मग टीव्हीभर माझं रडतं तोंड आलं. दगडाबाईंनी शेंगा खाली ठेवल्या, टीव्ही बंद केला आणि फोन लावायला सांगितला.

'साहेबराव, खोट्या लग्नात खरा मामा कशाला उभा राहील?'

मी अहो अहो करत राहिलो. त्या म्हणाल्या, लग्न लागलंय, माझी मोनिका मी बिजवराला द्यायची नाय. बिजवर! आमचा सत्यम, ज्यानं अजून एकाही मुलीला धड चहा पाजला नाही, तो दुसरेपणाचा नवरदेव झाला. गोदानं ते ऐकलं आणि देव पाण्यात घातले. दाजी, जे आत्ता कुठं माझ्याशी बोलायला लागले होते, ते पुन्हा खामोश.

दुसऱ्या दिवशी आम्ही सगळे कन्नडला गेलो. दगडाबाईंनी एकेक विचारलं. गुरुजी खरे होते का? होते. अक्षता? तांदळाच्याच. होम? मी घाईनं म्हटलं, होम नव्हता, धुरानं कॅमेरा खराब होतो म्हणून. त्या म्हणाल्या, होम बघायला आपल्यात कोण थांबतं, अक्षता पडल्या की माणसं ताटावर पळतात, लग्न अक्षतांनीच लागतं. खरंच होतं, मीही आजवर प्रत्येक लग्नात ताटावरच पळालोय. मामा सख्ख्या मनानं रडला का? हे तर महाराष्ट्रानं पाहिलं होतं. शेवटचा उपाय म्हणून मी त्या गुरुजींनाच फोन लावून स्पीकरवर टाकला. म्हटलं, गुरुजी, ते लग्न खोटं होतं एवढं सांगा. गुरुजींचा केवढा अपमान झाला! माझ्या तोंडून गेलेला मंत्र खोटा कसा म्हणू, असं म्हणाले, आणि वर जोडपं कसं आहे म्हणून विचारलं.

निघताना मोनिका फाटकापर्यंत आली. डोळे सुजलेले. म्हणाली, 'मामा, मला सत्यमशीच लग्न करायचंय. पण आजीला रडवून नाय.' मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

दगडाबाईंनी एक वाट ठेवली आहे. जिथं लागलं तिथंच मोडा, म्हणतात. टीव्हीवर, त्याच मालिकेत, इंद्रजीतची फारकत झाली पाहिजे. ती त्यांनी डोळ्यांनी पाहिली की मोनिकाचं बघू. सत्यमनं दिग्दर्शकाकडं विषय काढला तर तो हसायला लागला. लग्नामुळं मालिका वर गेलीये म्हणे, आता वर्षभर संसारच दाखवणार, आणि नायकाला नको असेल तर नायक बदलू. म्हणजे पोराला बायको पाहिजे तर काम जातंय, आणि काम पाहिजे तर बायको. इतक्या वर्षांनी त्याला अंगठ्यावरून तोंडापर्यंत येता आलं हो. जेवत नाही, फोनवर नुसता हुं हुं करतो.

म्हणून स्वरालीला हात जोडून सांगा. लिहिणारीच्या हातात सगळं असतं. दोघांची समजुतीनं फारकत होऊ दे आणि नायक तसाच राहू दे. फक्त नवरीच्या माथी दोष मारू नका, ते काम करणारी सोनिया गुणी मुलगी आहे, मी रडत होतो तेव्हा तिनं स्वतःच्या बाटलीतलं पाणी दिलं. दूरदेशी नोकरीबिकरी लागली असं काहीतरी दाखवा. तेवढं झालं की मी सुटलो.

वहिनींना नमस्कार. डबा जागेवर आहे का बघा.

आपला, झोप उडालेला
साहेबराव

ता. क. पाकीट चिकटवणार तेवढ्यात दुकानाच्या पायरीवर दगडाबाई. मागं मोनिका. माझ्या मांडीवरचा फेटा सुटून पार दारापर्यंत उलगडत गेला. दगडाबाई बसल्या, पाणी प्यायल्या, आणि म्हणाल्या, 'साहेबराव, गोदी तुझी सख्खी बहीण का चुलत?'

केशवराव, इतक्या वर्षांत हे मला कुणी विचारलं नव्हतं. तुम्हालाही ठाऊक नसेल. गोदा माझ्या चुलत्याची. तिला भाऊ नाही, मला बहीण नाही, एका चुलीवर वाढलो, दर दिवाळीला तिनं मलाच ओवाळलं. चुलत हा शब्द आमच्या घरात कुणी उच्चारलाच नाही. मी सांगणार होतो सख्खी. ओठांवर आलं होतं. पण मागं मोनिका उभी होती आणि माझ्याकडं बघत होती, तिनंच कुठूनतरी हे शोधून आजीच्या कानावर घातलं असणार, आणि आता तिला स्वतःचीच लाज वाटत होती.

मी म्हटलं, 'चुलत.'

दगडाबाईंनी गुडघ्यावर हात मारला. मग सख्खा मामा पाठीशी नव्हताच, म्हणाल्या, ते लग्न लागलंच नाय. मोनिका तिथंच रडायला लागली. मीही लागलो, पण माझं वेगळं होतं. तर स्वरालीला सांगा फारकत नको, मालिकेतली पोरं सुखानं नांदू द्या. आपलं लग्न ठरल्या तारखेलाच आहे. दगडाबाईंची एकच अट आहे, खऱ्या लग्नात मी मामा म्हणून उभं राहायचं नाही. 'इथं उभा राह्यलास तर तिथलंबी लागलं म्हणावं लागंल,' म्हणाल्या. बरोबरच आहे. मी कबूल केलं.

ता. क. २. फुलंब्रीचा गोदाचा मावसभाऊ मामा म्हणून उभा राहणार आहे. (सख्खा तोही नाही, पण तो टीव्हीवर रडलेला नाही, एवढं दगडाबाईंना पुरतं.) माणूस भला आहे, मघाशी फोनवर सत्यमला विचारत होता की तुझं खरं नाव काय. फेटा मात्र मीच बांधणार, तेवढं मी मागून घेतलंय. तुम्ही या, केशवराव. गुडघ्याचं काही ऐकून घेणार नाही, गाडी पाठवतो. आल्यावर माझ्याशेजारच्या खुर्चीवर बसा, दुसरीकडं कुठं बसू नका. आणि गुरुजींनी माईक घेऊन मामांना पुकारलं, की माझा हात घट्ट धरून ठेवा. मी उठायला लागलो तर सोडू नका.