दर रविवारी फिल्टरला तेल

रविवार, ३ मार्च. रात्री ९.

आजपासून रोजनिशी. गाडीसाठी. डॉक्टर पेशंटचा कागद ठेवतो तशी. तारीखवार सगळं लिहिलं की उद्या कोणी बोट दाखवायला नको.

गाडी सतरा वर्षांची. घरात तिला डबा म्हणतात. मी म्हणत नाही.

निमित्त: कन्येला नोकरी लागली. गाव दोनशे दहा किलोमीटरवर. २१ तारखेला हजर व्हायचंय. २० ला मी तिला याच गाडीने सोडणार. शाळेच्या पहिल्या दिवशी ती याच गाडीत मागे बसून रडत गेली होती. आता पुढे, माझ्या शेजारी बसून जाईल. तसा शब्द दिलाय.

आज नवा एअर फिल्टर बसवला. धुऊन वापरायचा, वरून त्याचं खास तेल लावायचं. शर्यतीच्या गाड्यांना असतो म्हणे. खोक्यावर लिहिलंय, तेल अगदी थोडं, वर्षातून एकदा. कंपन्या असंच लिहितात. आपल्या वस्तूच्या बाबतीत हात आखडता घ्यायचा माझा स्वभाव नाही. पाव बाटली ओतली. ठराव: दर रविवारी सकाळी आठला फिल्टरला तेल.

दुपारी मेहुणा गाडी मागून घेऊन गेला. टेबल आणायचं होतं. स्वतःची नवी गाडी आहे त्याची, पण तिच्या सीटला ओरखडे पडतील ना.

सोमवार, ४ मार्च.

ऑफिसला जाताना गचके. सिग्नलला दोनदा बंद. मागचा टेम्पोवाला जे बोलला ते इथे लिहीत नाही.

काल दुपारपर्यंत गाडी ठणठणीत होती. काल दुपारी ती कोणाच्या हातात होती हे सांगायला ज्योतिषी नको.

मंगळवार, ५ मार्च. संध्याकाळी.

मेहुण्याला फोन केला. शांतपणे विचारलं, काय केलंस. तो म्हणाला, भाऊजी, टेबल मी डिकीत ठेवलं होतं, इंजिनात नाही. वर हसला. मग म्हणाला, वीस तारखेला माझी गाडी आहेच, काळजी करू नका.

म्हणजे आधी माझी बिघडवायची आणि मग स्वतःची पुढे करायची. हिला सांगितलं. ही म्हणाली, नाचता येईना अंगण वाकडं. सख्ख्या भावाची बाजू घेणारच. बावीस वर्षं कन्येचा बाप मी, आणि सोडायला जाणार मामा. जमणार नाही.

गुरुवार, ७ मार्च.

स्कॅनर आला. गाडीला जोडायचा, फोनवर आजार कळतो. आता मेकॅनिकच्या दारात उभं राहायची गरज संपली.

निदान: इंजिनात हवेच्या मानाने पेट्रोल कमी पडतंय. खाली एक वाक्य होतं, एअर फ्लो सेन्सर तपासा. असली वाक्यं भरताड असतात. पेट्रोल कमी पडतंय याचा अर्थ सरळ आहे. पंपवाला भेसळ करतो. पंधरा वर्षं त्याच्याकडे जातोय मी, आणि त्याने केसाने गळा कापावा?

कन्या शेजारी उभी होती. म्हणाली, बाबा, त्या फिल्टरला तू तेल किती घातलंस? म्हटलं, तू तुझ्या बॅगा भर. पोरगी कॉलेजात दोन वर्षं यंत्रं शिकली म्हणजे तिने बापाची परीक्षा घ्यायची नसते. तसं तिला बोललो नाही. फक्त बॅगांचं बोललो. ती गेली आत.

शनिवार, ९ मार्च.

पंपावर गेलो. मॅनेजरने माझ्यासमोर काचेच्या नळीत पेट्रोल काढून मोजून दाखवलं. बरोबर निघालं. दाखवायला वेगळं ठेवत असणार. पुढच्या पंपावर जायला निघालो तर गाडी त्याच्याच दारात बंद. मॅनेजरने स्वतः ढकलायला हात लावला. मी आभार मानले नाहीत.

रविवार, १० मार्च. सकाळी ८.

फिल्टरला तेल.

सकाळी ११. आज शास्त्रशुद्ध काम. हवा कुठून गळते ते शोधायला सगळ्या रबरी पाइपांवर साबणाचं पाणी फवारलं. बुडबुडे आले नाहीत. हिने खिडकीतून विचारलं, धुणं काढून देऊ का तिथेच.

संध्याकाळी गाडी जास्तच बिघडलेली. गचके आता तिसऱ्या गिअरमध्येही. मी तिच्यासाठी रविवार घालवतो आणि ती अशी उलटते. माणसांचं समजू शकतो.

मंगळवार, १२ मार्च.

नाइलाजाने वस्तादकडे गेलो. चौकातला जुना मेकॅनिक, सगळे वस्तादच म्हणतात. हल्ली थकलाय. कानाने ऐकून निदान करतो, स्कॅनर नाही. काळाच्या मागे पडलेला माणूस.

त्याने बॉनेट उघडलं, इंजिन चालू ठेवलं, हवेच्या नळीवरचा एक छोटा प्लग उपटला. इंजिन गप्पकन शांत झालं. एकसारखं चालायला लागलं.

तो म्हणाला, साहेब, ही घ्या चोरी. या नळीत केसाएवढी तार आहे. आत किती हवा गेली ते ती कॉम्प्युटरला सांगते, तो तेवढं पेट्रोल सोडतो. तुमची तार कमी सांगतेय. प्लग काढला की कॉम्प्युटर तिचं ऐकणं सोडतो आणि आपल्या अंदाजाने चालतो. खोट्या साक्षीपेक्षा अंदाज बरा.

मला फार लागलं ते. सतरा वर्षं आतच बसलेला घरचा भेदी. आणि मी मेहुण्यावर संशय घेत होतो. अर्थात त्याच्यावरचा पूर्ण गेलेला नाही.

वस्ताद म्हणाला, एक दिवस गाडी ठेवून जा, तार अशी का वागते ते बघतो, फिल्टरही उघडतो. म्हटलं, फिल्टरला हात लावायचा नाही, तो नवा आहे आणि माझ्या देखरेखीखाली आहे. सेन्सर बिघडलाय हे कळलं, मग बघायचं काय राहिलं? नवा मीच बसवीन. तो खांदे उडवून दुसऱ्या गाडीखाली शिरला.

गुरुवार, १४ मार्च.

सेन्सर आला. ऑफिसला दांडी. दोन स्क्रू काढायचे, दोन लावायचे. एक स्क्रू इंजिनात खाली पडला. तो शोधण्यात तीन तास. कन्येने गुपचूप चुंबक आणून दिलं. मलाही तेच सुचणार होतं.

दुपारी ४. गाडी लोण्यासारखी. एक गचका नाही. कन्येला शेजारी बसवून चक्कर मारली. ती म्हणाली, बाबा, वीसला आपण गाणी लावत जाऊ. मी म्हटलं, बघू. पण यादी सुरू केलीय.

जुना सेन्सर टाकला नाही. पुरावा म्हणून कपाटात.

मेहुण्याला फोन केला. सहज. गाडी बरी आहे एवढंच सांगितलं. चार वेळा.

शुक्रवार, १५ मार्च.

ऑफिसला लांबच्या रस्त्याने गेलो. येताना त्याहून लांबच्या. शेजारी ही होती, तिने रस्त्यावरून टोमणा मारला नाही. हिच्याकडून हे कौतुकच.

रविवार, १७ मार्च. सकाळी ८.

फिल्टरला तेल. आज उरलेली सगळी बाटली. एवढा मोठा प्रवास आहे, आणि बक्षीस म्हणूनही.

सोमवार, १८ मार्च.

गचके.

नवा कोरा सेन्सर. चार दिवस. विकणाऱ्याने खोक्यावर अस्सल लिहिलं होतं. त्याला मोठं पत्र लिहिलं. त्यात विश्वास हा शब्द सहा वेळा आला. उत्तर आलं, आपल्या अभिप्रायाबद्दल धन्यवाद.

मंगळवार, १९ मार्च. रात्रीच्या जेवणाआधी.

आज सगळं उघडकीला आलं. हिचा फोन वाजला, ही अंघोळीला, म्हणून मी घेतला. मेहुणा होता. मला ही समजून म्हणाला, ताई, उद्याची रजा मी सहा तारखेलाच टाकलीय, भाऊजींच्या मागोमाग निघतो, त्यांना दिसणार नाही इतकं अंतर ठेवतो.

सहा तारखेला. म्हणजे मी त्याला फोन केला त्याच्या दुसऱ्याच दिवशी. मी साबणाचं पाणी फवारत होतो तेव्हा यांचं ठरलेलं होतं. मी जिंकलो त्या गुरुवारीसुद्धा त्याने रजा रद्द केली नाही. हिला जाब विचारला. ही म्हणाली, पोरीची नोकरी आहे, तुमची हौस नाही. माझ्याच घरात माझ्या पाठीमागे. मला रडू आलं नाही, पण येण्यासारखं होतं.

कन्येलाही माहीत होतं. ती येऊन म्हणाली, बाबा, मी तुझ्याच गाडीत बसणार आहे. मामा नुसता मागे. म्हटलं, नुसता मागे कोणी नसतं. तिने माझ्या शर्टावरचा ग्रीसचा डाग नखाने खरवडला आणि गेली.

वस्तादकडे जाऊन प्लग उपटून घ्यावा असं मनात आलं. पण खोट्या का होईना, नव्या सेन्सरचे पैसे मोजलेत. तो काढून ठेवणं म्हणजे हार.

बुधवार, २० मार्च. सकाळी ६.

निघतोय. ही मागे, कन्या पुढे. गाणी तयार.

सकाळी ९. घाटाच्या पायथ्याशी, चहाच्या टपरीवर. एकटा.

एकतीस किलोमीटर गेलो. दुसरं गाणं चालू होतं. चढ लागला आणि गाडीने धाप टाकली, गचके देत कडेला गेली आणि बंद. पाच वेळा चावी फिरवली. कन्येने गाणं बंद केलं. चार मिनिटांत मेहुणा मागून आला. एवढ्या लवकर यायचं काही कारण नव्हतं.

बॅगा त्याच्या गाडीत गेल्या. सगळ्या मावल्या. तो हसला नाही. हसला असता तर बरं झालं असतं.

कन्या म्हणाली, बाबा, तूही चल. गाडी राहू दे इथे, टो करणारा घेऊन जाईल. मी म्हटलं, तिला रस्त्यात एकटं टाकून येणं माझ्याच्याने होणार नाही. पुन्हा म्हणाली, चल ना. मी बॉनेट उघडून आत बघत राहिलो. आत बघण्यासारखं काही नव्हतं.

ती आणि ही, दोघी मागे बसल्या. पुढची सीट रिकामी. मेहुण्याचा पार ड्रायव्हर करून टाकला. तेवढंच बरं वाटलं.

गुरुवार, २१ मार्च.

गाडी टो करून वस्तादकडे. त्याने विचारलं, हे नेमकं सुरू कधी झालं. याच क्षणासाठी मी रोजनिशी ठेवली होती. ही वही नेलेलीच होती. मेहुणा, पंपवाला, विकणारा, सगळ्यांचा हिशेब एकदाच होऊ दे म्हणून मोठ्याने वाचायला लागलो.

३ तारीख, फिल्टरला तेल. ४ तारीख, गचके. १० तारीख, फिल्टरला तेल, संध्याकाळी जास्तच बिघडली. वाचण्याच्या भरात १२ तारखेचंही वाचलं, हल्ली थकलाय, काळाच्या मागे पडलेला माणूस. वस्ताद म्हणाला, पुढे वाचा. १४ तारीख, लोण्यासारखी. १७ तारीख, उरलेली सगळी बाटली. १८ तारीख.

तिथे मी थांबलो. वस्ताद उठला. हात पुसले, फिल्टर काढला, उभा धरला. खाली तेल ठिबकलं. मग सेन्सर काढून मला दाखवला. तारेवर तेल, तेलावर धूळ. म्हणाला, साहेब, तारेला हवा लागतच नव्हती, मग ती किती सांगणार. तिने तुमच्याशी खोटेपणा केला नाही. तिच्या तोंडात बोळा होता.

फवाऱ्याच्या एका डब्यातून दोन फवारे मारले, तार सुकू दिली, साधा कागदी फिल्टर टाकला. दहा मिनिटं. कपाटातला जुना सेन्सरही मागवून साफ करून दिला. तोही चांगलाच होता. माझा फिल्टर वर्तमानपत्रात गुंडाळून हातात दिला.

या वहीवर माझा फार भरवसा होता.

रविवार, २४ मार्च. सकाळी ८.

काही काम नाही.

सकाळी ११. गाडी घेऊन एकटाच निघालो. घाटाचा तो चढ तिसऱ्या गिअरमध्ये चढून गेली. इतकी छान ती नवी असतानाही चालली नव्हती. वर गाडी वळवायला जागा आहे. वळवली आणि परत आलो. गाणी लावली नाहीत.

दुपारी कन्येचा फोन. खोली चांगली आहे, ऑफिस चालत पंधरा मिनिटांवर. मग विचारलं, गाडीचं काय झालं. म्हटलं, सेन्सरच होता, मी पहिल्यापासून म्हणत होतो. ती म्हणाली, आणि तेल? म्हटलं, तेलाचाही थोडा भाग असावा असं वस्तादचं मत आहे.

मग म्हणाली, बाबा, तू त्या दिवशी का नाही आलास? मामाने पुढची सीट तुझ्यासाठी ठेवली होती. मी आणि आई मुद्दाम मागे बसलो. घाट चढून होईपर्यंत तो हळू चालवत होता, तू हात करशील म्हणून.

मी म्हटलं, तुझा आवाज तुटतोय. तुटत नव्हता.