बावीस मिनिटं नुसते हात

६ जानेवारी
फिल्म मंडळाच्या संयोजक सरांचा फोन. १५ तारखेच्या रविवारी माझी फिल्म दाखवतायत, पण निवेदन टाका म्हणे. बाई कोण, तिचे हाल काय, लोकांना कळायला पाहिजे. जमलं तर बासरी. म्हटलं, हाल नाहीत, काम आहे. चिकलठाण्यात नसरीनआपा घरी बसून कारखान्याच्या रबरी वायसरच्या कडा कात्रीनं कापते. बावीस मिनिटं तिचे हात आणि कात्रीचा आवाज. बस. सर हसले. 

७ जानेवारी
मेल केला. आहे तशी दाखवा नाहीतर सोडा. आई म्हणाली, टाक की दोन वाक्यं, काय बिघडतं. भांडले. जेवले नाही.

९ जानेवारी
सरांचं उत्तर : ठीक, आहे तशी. खाली लिहिलंय, ‘तुमच्या हट्टापायी’. हट्ट!
उद्या आपाला दाखवायची. दोन वर्षं जातेय तिच्याकडं, तिनं एक फ्रेम पाहिलेली नाही. मागितली नाही कधी. मीही दाखवली नाही, ते...

१० जानेवारी
दुपारी आपाकडं. सूनही बसली. आपानं कात्री बाजूला ठेवून सगळी बघितली. मग म्हणाली, “इसमें मैं किधर हूँ?”
हात दाखवले. म्हणाली, हात तर समद्या बायांचे असेच. सुनेनं विचारलं, दोन वर्षांत तोंड एकदा पण नाय आलं?
समजावत बसले. चेहरा दिसला की लोक कीव करतात, हात बघत नाहीत.
“करतील नायतर नाय करतील,” आपा म्हणाली. “तू मला न विचारता कसं ठरवलं?” मग हळू आवाजात, अशी लावू नको.
चहा तसाच ठेवून निघाले. जालना रोडवर रिक्षात रडले. रागानं.

११ जानेवारी
सरांना निवेदन पाहिजे, आपाला चेहरा पाहिजे. फिल्म माझी आहे का नाही?
वरची ओळ परत वाचली. सरांना अन् आपाला एका मापात मोजलं मी. लाज वाटली. राग मात्र तेवढाच.

१२ जानेवारी
कॅमेरा घेऊन परत गेले.  आपानं सुनेला पेटीतून हिरवा दुपट्टा काढायला लावला. खुर्ची भिंतीला लावली, डोक्यावर कॅलेंडर, ट्यूबचा सपाट उजेड. मी अशी फ्रेम जन्मात लावली नसती. हात दुपट्ट्याखाली झाकून घेतले तिनं आणि चार मिनिटं सरळ कॅमेऱ्यात बघत बसली. मी काहीच सांगितलं नव्हतं. बंद कर म्हणाली तेव्हा बंद केला.
रविवारी येणार का विचारलं. “हे लावलं तर येते.”

१३ जानेवारी
सकाळपासून आपाचा शॉट फिल्मला जोडून बघतेय. सुरुवातीला टाकला तर पुढं हात कुणी बघत नाही. शेवटी टाकला तर उपकार केल्यासारखं वाटतं, ते तर त्याहून वाईट. मधे घातला की फिल्म मोडते.
मोडू दे?
सरांना फाईल पाचपर्यंत पाहिजे. दोनदा फोन आला, उचलला नाही. चार वाजलेत. शॉट वाईटच आहे. पाचव्यांदा बघतेय, आणि नजर काढता येत नाही.