बोटभर फट

ता. ७ मार्च

ती. आजीस,
शि. सा. न. वि. वि.

नव्या घराची फरशी काल पुरी झाली. आठवा महिना लागलाय, तरी मधल्या खोलीतला सातकोनी तारा मीच बसवला. नाहीतर फरशीवाल्यांची नात कशाला म्हणवून घ्यायचं? तुम्हा घरच्या सगळ्यांच्या दोरीनं सातवी बाजू नेहमी बोटभर कमी पडायची आणि तुम्ही ती फट तशीच सोडायचात. मी संगणकावर आखून फरश्या यंत्रावर कापून घेतल्या. सातही बाजू अशा जुळल्यात की मधून केस जाणार नाही. नर्सबाई म्हणतात, एप्रिलात बाळ होईल. रागावू नकोस, आधी येऊन बघ.

तुझा लोभ आहेच, त्यातला थोडा बाळासाठी राखून ठेव.

तुझी मोजपट्टी


ता. १५ मार्च

चि. मोजपट्टी हिस,
अ. आ.

शहाणी झालीस तेवढी पुरे. मी दुसरीतून घरी बसवलेली बाई, मला संगणक कळत नाही. पण दोरी कमी पडते ती आमच्या चुकीनं, हे तुला कोणी सांगितलं? सातकोन्या म्हणजे दिवस चालवणारा, ती त्याची आकृती आहे. ताऱ्यांचे खिळे ठोकून तो दोरी ओढत फिरतो, एका कोनात एक दिवस. सातव्यावरून त्या फटीतून बाहेर पडतो, म्हणून आठवा दिवस उजाडतो. तू त्याला आत कोंडलंस. सिमेंट ओलं आहे तोवर एक कोपरा उकर. सुकलं की तुझ्या हातचं काम उरणार नाही.

जावयांना आशीर्वाद. बायको म्हणते ते सगळंच बरोबर धरायचं नसतं, एवढं त्यांना सांग.

कळावे, राग आहे आणि लोभही आहे.

आजी


ता. ७ मार्च

ती. आजीस,
शि. सा. न. वि. वि.

सकाळीच पत्र टाकलं आणि दुपारी तुझं उत्तर दारात. टपालवाले सुधारले म्हणायचे. सिमेंट मात्र सकाळीच दगडासारखं झालंय. ऊन चौथ्या फरशीवर आलं ते तिथंच बसलंय, आणि टेबलावरचं दूध निवायचं नाव घेत नाही. नर्सबाईंनी पोटाला तीनदा टेप लावली, आठवाच महिना म्हणाल्या आणि चपला हातात घेऊन बाहेर पडल्या. ह्यांनी दाढी कधी वाढवली कोण जाणे. सकाळी तर गुळगुळीत होते.

एक सांगते, हसू नकोस. पडदे ओढले की भर दुपारी ताऱ्याच्या सात कोनांवर सात ठिपके उजळतात. एकेक विझतो, पुन्हा पेटतो. कोणी त्यांच्यावरून पावलं टाकत जावं तसं. बाळ त्या पावलांबरोबर हलतं. सातदा हलतं, मग थांबतं.

लोभ असू दे, आणि असलं मनात आणल्याबद्दल रागवायचं असेल तर पुढच्या पत्रात रागव.

तुझी मोजपट्टी


ता. २ नोव्हेंबर

चि. मोजपट्टी हिस,
अ. आ.

तुझी पाच पत्रं आली, पाचांवर सात मार्च. आधी वाटलं, पोरगी आळशी, कॅलेंडरचं पान फाडत नाही. मग जावयांचं पत्र आलं. तू उंबऱ्याबाहेर पाय टाकतेस आणि त्याच पावली मधल्या खोलीत उभी असतेस, आणि तुला ते आठवतही नाही. इकडे नोव्हेंबर लागलाय. माझ्या मोजणीनं तुला सोळावा महिना चालू आहे. हत्तीण झालीस की काय, असं एरवी विचारलं असतं.

बंद करणारा हात ज्याचा, त्याचाच दिवस अडकतो. माझ्या बापानं एकदा पैजेवर आकृती बंद केली होती. उघडायलाही तोच बसला. कोंडलेला काळ एकदम त्याच्या अंगावरून गेला. आत गेला तो काळ्या मिशांचा; बाहेर आला तो पांढरा, वाकलेला, आणि त्यानं मला आई म्हणून हाक मारली. तेव्हा छिन्नीला हात लावायचा नाही. तोच काळ पोटातल्या जिवावरून गेला तर काय जन्माला येईल, याचा विचार तू करू नकोस. मी केलाय.

मी निघालेच आहे. हातोडी माझी मी आणते, तुमच्याकडच्या हलक्या असतात.

कळावे, लोभ समक्ष.

आजी


ता. ८ (महिना ह्यांना विचारून लिहीन)

ती. आजीस,
शि. सा. न. वि. वि.

मी उठून बसायच्या आत निघून गेलीस. तू घाव घातलास तो मी स्वयंपाकघराच्या दारातून पाहिला. फटीतून गार वारा आला. खिडकीतलं रोप वीतभर वाढलं, फुललं आणि वाळून गळालं, हे सगळं मी एक श्वास घेतला तेवढ्यात. वारा माझ्याकडे वळला तशी पोटात कळ आली. तू उजव्या हाताचं बोट फटीत खुपसलंस आणि त्याला दटावलंस, की सावकाश चल, पोर आपल्या पावलानं येऊ दे. संध्याकाळपर्यंत तशीच बसून होतीस.

मुलगी झाली. नर्सबाई म्हणतात वजन बेताचं आहे, आवाज तुझ्यासारखा. तू हात फडक्यात गुंडाळून नेलास. बोटाचं काय झालं, ते खरं लिही.

तुझ्या लोभावर आता दोघींचा हक्क.

तुझी मोजपट्टी


ता. १४ नोव्हेंबर

चि. मोजपट्टी आणि चि. धाकटी, दोघींस
अ. आ.

अक्षर वाकडं आहे, डाव्या हातानं लिहितेय. उजव्यानं फार सुरेख यायचं असंही नाही. मला वाटलं होतं, आठ महिन्यांनी बोटाचं काय बिघडतंय. पण आत तुझाच काळ कोंडलेला नव्हता, सातकोन्याचाही होता, ताऱ्यांच्या वयाचा. पहिल्या दिवशी नख वाढतच राहिलं, कापून कापून कात्री बोथट झाली. दुसऱ्या दिवशी कातडं वाळलं. तिसऱ्या दिवशी भाजी चिरताना बोट गळून पडलं. रक्त नाही, दुखणं नाही. नऊ उरलीत, या वयाला पुष्कळ झाली.

फट बुजवू नकोस. ती किती रुंद ठेवायची हे तू विचारणारच, अंदाजानं सांगितलेलं तुला लहानपणापासून पटत नाही. म्हणून माप सोबत पाठवतेय, कापसात गुंडाळून. धाकटी फरशी घालायला लागली की तिच्याही हातात हेच दे. आकृतीच्या मधोमध ठेवलं की ते आपोआप एका कोनाकडे वळतं. फट त्या बाजूला सोडायची. घाबरायचं काही नाही, घरचंच आहे.

पाकीट पोचलं की कळव, आणि वर तारीख नीट घाल.

कळावे, लोभ नऊ बोटांत मावेल तेवढा.

आजी