साखर लावलेला बर्फ

मनुरेवा, ऑकलंड
जून २०१९

प्रिय रियाबाई,

आजीचा जयभीम. चौथी शिकलेल्या बाईचं अक्षर आहे, तेव्हा बोट ठेवून हळूहळू वाच. आजोबांनी तुला बाराखडी शिकवली ती त्या बर्फाच्या रिंकच्या गारठ्यात, बाकावर बसून, तुझ्या बुटांच्या नाड्या बांधता बांधता. त्यांची ती मेहनत आता माझ्या उपयोगी पडू दे. फोनवरच बोलले असते, पण तू फोन उचलत नाहीस. उचललास तरी, आजी आय अ‍ॅम फाइन, एवढं म्हणून ठेवून देतेस. फाइन असलेली माणसं अशी बोलत नाहीत.

गेल्या आठवड्यात तुझ्या कोचबाईचा फोन घरी आला. घरात मी एकटी. मी म्हटलं, रिया नो होम, रिया डनेडिन. ती म्हणाली, ते ठाऊक आहे, मला तिच्या घरच्यांशीच बोलायचंय. मग मी तिला स्लो स्लो म्हणत म्हणत सगळं काढून घेतलं. तू म्हणे हॉकीच्या गोलात उभी राहणार नाहीस असं कळवलंस. पायाला बांधायच्या त्या गाद्या, मुखवटा, सगळं क्लबात नेऊन टाकलंस. महिनाअखेरीपर्यंत तुझी जागा ठेवतील, मग दुसरी पोरगी घेतील. मी ओके थँक्यू म्हटलं. ती म्हणाली, स्वीट अ‍ॅज. ह्यात स्वीट काय होतं ते मला काही कळलं नाही.

संध्याकाळी मैत्रेयला सांगितलं. तुझ्या बापानं चहाचा कप खाली ठेवला. म्हणाला, आई, तिला वेळ दे. मी म्हटलं, माझ्याकडे वेळाचं काय गोडाऊन भरलंय? तुझी आई म्हणाली, ती मोठी झालीय, तिचं तिला ठरवू द्या. श्यामलाचं हे नेहमीचं आहे. मोठी झालीय म्हणून ठरवू द्यायचं, आणि मग रात्री उशीत तोंड घालून रडायचं.

आधीच सांगते, मला तुझ्या हॉकीचं काडीचं कौतुक नाही. काठ्या घेऊन बर्फावर मारामारी करायची आणि वर टाळ्या वाजवायच्या. तू सोडलंस तर माझं काही अडत नाही. पण सोडायला कारण चांगलं पाहिजे. तुझं कारण मला कळलंय आणि ते खोटं आहे. म्हणून कागद घेतला. पण सरळ तिथे येणं मला जमणार नाही, थोडं मागून यावं लागेल.

तुझ्या आजोबांची उभी हयात जालन्याच्या बर्फाच्या कारखान्यात गेली हे तुला माहीत आहे, पण तुला वाटतं ते मशीन बघायचे. कुठलं मशीन! लाद्या वाहायचे. आकड्यानं लादी ओढायची, पाठीवर घ्यायची, मधे फक्त गोणपाट. उन्हाळ्यात सगळं गाव घामानं भिजायचं आणि ह्यांचा सदरा मागून गार पाण्यानं. हाताच्या भेगा कधी बुजल्या नाहीत. मी लग्न होऊन आले त्या पहिल्या मे महिन्यात, सुटी झाली की ते टॉवेलात फुटक्या लादीचा तुकडा गुंडाळून आणायचे. सायकल दामटत यायचे तरी घरी पोहोचेपर्यंत त्याचा लिंबाएवढा उरायचा. मी त्याच्यावर चिमूटभर साखर टाकायची आणि मागच्या दारी सासूबाईंच्या नजरेआड आम्ही दोघं आळीपाळीनं चोखायचो. बोटं बधीर व्हायची. लोक प्रेमबिम म्हणतात ते आमच्यात असलं तर तेवढंच. बाकीचा संसार भांडणात गेला, आणि त्याचं मला वाईट वाटत नाही.

दोन हजार अकरा साली आम्ही इथं आलो तेव्हा तू दातांना तार लावलेली काटकुळी पोरगी होतीस. मराठीत विचारलं की इंग्रजीत उत्तर. तुझ्या मैत्रिणीच्या वाढदिवसाला आम्ही दोघं तुला रिंकवर सोडायला आलो. आजोबा जँडलच्या रबरी चपला घालून आलेले. मी सांगितलं होतं मोजे घाला, पण माझं कधी ऐकलंय? आत आले आणि उभेच राहिले. मग कडेचं दार उघडं दिसलं तसे खाली बसले आणि तळहात बर्फावर टेकवला. तिथला पोरगा धावत आला, त्याला वाटलं म्हातारा पडला. मी म्हटलं, उठा, लोक बघतायत. तर मला म्हणतात, कला, एवढी मोठी लादी कुणाच्या पाठीवर मावेना म्हणून इथंच ठेवलेली दिसतेय! आणि हसायला लागले. जन्मभर ज्याच्या ओझ्यानं वाकले त्याच्यावर नात गिरक्या घेतेय, हे बघून त्यांचं डोकंच फिरलं. त्या दिवसापासून तुझ्याबरोबर रिंकवर जायचं काम त्यांनी कुणाला दिलं नाही.

पुढे तू हॉकी धरलीस, आणि टीममधलं कुणी गोलात उभं राहायला तयार नव्हतं तेव्हा तू हात वर केलास. घरी आल्यावर मी चिडले. म्हटलं, अगं, मार खायलाच उभी राहणार का? तर ते म्हणाले, तिला कुणाला मारायचं नाही, तिला अडवायचंय, अडवू दे. तुझ्या टीमवर नऊ नऊ गोल चढायचे तरी शेवटची शिट्टी होईपर्यंत मला बाकावरून उठू द्यायचे नाहीत. माझे गुडघे दुखतायत म्हटलं तर म्हणायचे, पोरगी अजून उभी आहे ना, मग बस.

फेब्रुवारीत त्यांना झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. हॉस्पिटलातून घरी आणलं तेव्हा लाउंजमधला सोफा काढून तिथं त्यांची खाट टाकली. समोर टीव्ही, वर भिंतीवर बाबासाहेब आणि भगवान बुद्ध. सकाळी सामोअन सिस्टर यायची, किआ ओरा दादा म्हणायची, ते डाव्या हाताचा अंगठा वर करायचे. एप्रिलात तिनं मला बाजूला घेतलं आणि सांगितलं की आता घास नको, पाणीही नको, घशातून भलतीकडे जाईल. फक्त बर्फाची कपची जिभेवर ठेवा, तोंड ओलं राहील. मी वळून त्यांच्याकडे बघितलं. ऐकलं होतं त्यांनी. अर्ध्या तोंडानं हसले. शेवटी राहिला तो बर्फच. मैत्रेय कोपऱ्यावरच्या डेअरीतून, म्हणजे त्या किराणा दुकानातून, बर्फाची पिशवी घेऊन आला, आणि मी ती खलबत्त्यात फोडत बसायची.

त्या आजारपणात तू एकदा येऊन भेटलीस आणि परत डनेडिनला कॉलेजात गेलीस, कारण आम्हीच म्हटलं जा, परीक्षा आहे. त्याचं मनाला लावून घेऊ नकोस, ते आमचं म्हणणं होतं.

मग ती फायनल. बायकांची जागतिक स्पर्धा, फिनलंडच्या पोरी आणि अमेरिकेच्या पोरी, तिकडे संध्याकाळ आणि इकडे पहाट. तूच फोन करून सांगितलं होतंस की हा कप आजवर दोन देशांनीच आलटून पालटून नेलाय, फिनलंडवाल्या पहिल्यांदाच इथवर आल्यात. तेव्हापासून आजोबा त्यांच्या बाजूचे. त्यांचं असंच असायचं. ज्याला कधी मिळालं नाही त्याला एकदा मिळू दे, एवढंच त्यांचं राजकारण. मैत्रेयनं लॅपटॉप टीव्हीला जोडून दिला आणि टाकानिनीला कामावर गेला. श्यामला तिच्या ड्यूटीवर. घरात आम्ही दोघं, आणि तिकडे डनेडिनला तू तुझ्या खोलीत. वाटी मांडीवर घेऊन मी कपच्या देत बसले. मला खेळातलं कळत नाही, पण त्यांचा हात माझ्या हातात होता. तो कधी आवळतो आणि कधी सुटतो त्यावरनं मला सगळं कळत होतं.

बरोबरी झाली, जादा वेळ सुरू झाला, आणि फिनलंडच्या पोरीनं ती चेंडूऐवजी असते ती चकती आत घातली. हातमोजे उडाले, टोप्या उडाल्या, काठ्या उडाल्या. सगळ्या एकमेकींच्या अंगावर ढीग झाल्या. तेवढ्यात तुझा फोन. मी तो त्यांच्या कानाशी धरला, पण धरायची गरज नव्हती, तू एवढी ओरडत होतीस की शेजारच्या ईशानं खिडकीतून बघितलं. आजोबा, वी वन, जिंकलो आजोबा, जिंकलो! तू फोन ठेवलास तरी त्यांचे डोळे तसेच. रडत होते आणि हसत होते, अर्ध्याच तोंडानं, पण पुरेसं होतं.

तेव्हा मी उठले. तुला ठाऊक आहे, त्यांना साखरेचा आजार. साखरेचा डबा मी कपाटात, तांदळाच्या डब्यामागे दडवायचे आणि ते बरोबर हुडकून काढायचे. आमची निम्मी भांडणं त्या डब्यावरनं. तो डबा मी स्वतःच्या हातानं काढला. बर्फाची चांगली कपची घेतली, तिच्यावर साखर टाकली, आणि जिभेवर ठेवली. जिंकल्यावर तोंड गोड करायचं असतं, डॉक्टर काही म्हणो. त्यांनी माझ्याकडे बघितलं. ते बघणं मी तुला लिहून सांगणार नाही.

पुढचं तू टीव्हीवर बघितलंसच. पट्ट्यापट्ट्यांच्या कपड्यातल्या पंच कानाला यंत्र लावून पडद्यात बघत राहिल्या, बघतच राहिल्या. त्या पोरी ओल्या केसांनी उघड्या डोक्यानं तिथंच ताटकळत उभ्या. आणि मग गोल नाही म्हणून सांगितलं. म्हणे गोलातल्या मुलीला धक्का लागला होता. ज्यांनी जिंकलो म्हणून मिठ्या मारल्या त्यांनी वाकून आपापले हातमोजे हुडकले, टोप्या घातल्या, आणि पुन्हा खेळायला उभ्या राहिल्या. मी बऱ्याच मयती बघितल्यात, पण ते हातमोजे हुडकणं मला बघवलं नाही. पुढे एकेकीनं गोल मारायचे झाले आणि अमेरिका जिंकली. तेव्हा तू परत फोन केलास. मी उचलला नाही. वाजू दिला.

आजोबा गेल्याचं मैत्रेयनं तुला दुपारी कळवलं. अंत्यविधीला आलीस तेव्हा त्रिशरण पंचशील चाललं होतं आणि तू काचेच्या दाराबाहेर उभी. आत ये म्हटलं तर आली नाहीस. बापाला म्हणालीस, मी स्वतः गोलकीपर आहे, धक्का लागलेला मला तेव्हाच दिसला होता, तरी मी ओरडले. मला वाटलं पोर दुःखात काहीबाही बोलतेय. त्यानंतर तू ना बर्फावर गेलीस, ना घरी आलीस.

आता हे का लिहितेय ते ऐक. आजोबांचा फोन मी बंद केलेला नाही. सकाळी त्याच्यात वंदना लागते, तिची सवय आहे. दर रविवारी तो फोन टुणटुण करतो आणि पडद्यावर तुझा फोटो येतो. मला वाटायचं चुकून येत असेल. परवा ईशा भाजी द्यायला आली तेव्हा म्हटलं, बघ गं काय आहे. ती वाचत गेली आणि तिचा आवाज बारीक होत गेला. सॉरी आजोबा, मी तुम्हाला खोटं सांगितलं. सॉरी आजोबा, गोल धरला नाही. सॉरी आजोबा, आपण हरलो. रविवार झाला की तेच. रिया, नीट वाच, बोट ठेवून वाच. पंच पडद्यात बघत होत्या आणि पोरी उघड्या डोक्यानं उभ्या होत्या, तेव्हा आजोबांच्या ओठाच्या कोपऱ्यातून पाणी आलं. मी पदरानं पुसलं, तर ते चिकट होतं. साखरेचं होतं. बर्फ वितळला होता आणि गिळायला कुणी नव्हतं. माझ्या हातातला हात तसाच होता, फक्त आवळत नव्हता. मी कुणाला हाक मारली नाही. खेळ संपल्याशिवाय त्यांना उठलेलं चालायचं नाही, म्हणून शेवटची शिट्टी होईपर्यंत त्यांच्याजवळ बसून राहिले, टीव्हीचा आवाज बंद करून, आणि मग मैत्रेयला फोन लावला. म्हणून तुझा फोन वाजू दिला. त्यांच्याकडे फिनलंड जिंकलेलं आहे. तू सांगितलंस, मी तोंड गोड केलं, आणि ते तेवढं घेऊन गेले. गोलात उभी राहायचं तर राहा, नाही तर नको राहूस, ते कोचबाईला तूच सांग. पण ते रविवारचे मेसेज बंद कर. गोल धरला नाही हे मी त्यांना सांगितलेलं नाही. तूही सांगू नकोस.

भांडायला आता घरात कुणी न उरलेली,
तुझीच आजी,
कलावती