काका, साडेतीन वाजून गेले

दिंडोशी,
रविवार, दुपारचे चार वाजून पाच मिनिटं

तीर्थस्वरूप धोंडिराम काकांच्या चरणी पुतण्या सिद्धेशचा शिरसाष्टांग नमस्कार. इकडे सगळे खुशाल आहोत असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिलं, बाकी वाट लागली आहे. तुमचे गुडघे कसे आहेत? (सरळ मुद्द्यावर यावं असं फार वाटतंय. पण माझ्या लग्नपत्रिकेत तुमचं नाव आत्याच्या यजमानांच्या खाली छापलं, तेव्हा ती तुम्ही परत पाठवली होती. म्हणून धोका पत्करत नाही.) फोनच करणार होतो, पण आमच्या घरातले सगळे नंबर तुम्ही ब्लॉक केलेत. म्हणून माझा मेहुणा, श्रुतिकाचा भाऊ सर्वेश, हे पत्र घेऊन जोगेश्वरीला येतोय.

बाबांना आज सत्तर पूर्ण झाली. श्रुतिका म्हणत होती शाल द्या, केक आणा. मी ऐकलं नाही (मी कधी ऐकलंय?) आणि तो नवा आठवणपट्टा भाड्याने आणला. डोक्याला बांधायचा, तारीख घालायची, की माणूस डोळे मिटून तो अख्खा दिवस पुन्हा जगतो. बाबांच्या आयुष्यातला सगळ्यात आनंदाचा दिवस कोणता, हे त्यांना विचारावं असं माझ्या डोक्यातही आलं नाही. मी माझी जन्मतारीख घातली.

त्या तारखेला काय झालं ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत. सकाळी सातला बाबा खुर्चीत बसले ते थेट गिरणीतच पोचले. तेव्हापासून चार माग चालवताहेत. हवेतल्या हवेत तुटलेला धागा जोडतात, पुढच्या मागाकडे वळतात. आईने चहा पुढे केला तर खात्यावर देखरेख करणारा जॉबर समजून तिच्यासमोर मान खाली घातली. (आई म्हणाली, चाळीस वर्षांत पहिल्यांदा.) आम्ही हसत व्हिडिओ काढत होतो. साडेतीनला पाळी सुटेल, मग केक कापू, असा हिशोब.

साडेतीन वाजले. बाबा उठले नाहीत. पुढच्या पाळीच्या माणसाने येऊन 'मी आलो' म्हटल्याशिवाय चालता माग सोडायचा नाही, हा त्यांचा नेम तुम्हाला ठाऊक आहे. पुढच्या पाळीला तुम्ही होतात, आणि त्या दिवशी तुम्ही आला नव्हतात. बाबांनी दुसरी पाळीही ओढली आणि सहाच्या सुमाराला त्यांची दोन बोटं मागात गेली. तुम्हा दोघांचं बोलणं बंद झालं ते त्यापायीच.

पट्टा भाड्याने देणारा देवेश म्हणतो, मध्येच पट्टा ओढला तर माणूस अर्धा तिकडेच राहतो. (बोरिवलीचे एक गृहस्थ म्हणे तीन महिने स्वतःच्या वरातीत नाचताहेत.) आणि आतला मार इथल्या काळजाला लागतो. "हार्टचा त्रास नाही ना?" हे त्याने पट्टा बांधून झाल्यावर विचारलं. बाबांची बायपास झालीय, काका. सहाच्या आत त्यांनी स्वतःहून उठायला हवं. मी तुमचा आवाज काढून पाहिला. बाबांनी डोळे मिटल्यामिटल्याच मान हलवली.

"तू धोंडू नाय. धोंडू येतलो."

तुम्ही यावं अशी अजिबात अपेक्षा नाही. घरातल्या मोठ्या माणसाला कळवावं, एवढ्यासाठीच लिहिलं. काकूंना नमस्कार.

तुमचा,
सिद्धेश

ता.क. वरचं शेवटचं सगळं खोटं आहे. या. बाबांशी भांडण मिटवू नका हवं तर, चहाही घेऊ नका. फक्त खुर्चीशी उभं राहून म्हणा, "दादा, मी इलंय. तू घराक जा." सर्वेशने दुसरं हेल्मेट आणलंय.

आणखी एक ता.क. पाकीट चिकटवत होतो तेवढ्यात आई रडायला लागली. त्या दिवशी तिला कळा सुरू झाल्या, तेव्हा कामावर निघालेले तुम्हीच तिला टॅक्सीत घालून हॉस्पिटलात घेऊन गेलात, आई आजवर सांगायची तशी शेजारीण नव्हे, हे आज कळलं. माझ्या जन्मापायी बोटं गेली असं कुणी म्हणू नये, पोराला पांढऱ्या पायाचा ठरवू नये, म्हणून तुम्ही सगळ्यांना सांगितलंत की पत्ते कुटत बसलो होतो. आईला शपथ घातलीत. काका, माझ्यापायी तुम्ही इतकी वर्षं बोलणी खाल्लीत आणि मी तुमचं नाव खाली छापलं. मला लाज वाटतेय.

चार वाजून वीस मिनिटं झालीत. बाबांनी आत्ताच मान दाराकडे वळवली.